रामापिथेकस मानवाचा पूर्वज होता ना? मग तो गेला कुठे?

मोरपंखी_शाई

मंडळी, भाचा राज्यसेवेची तयारी करतोय. त्याच्या क्लासच्या नोट्स चाळत बसले होते, तर मानवी उत्क्रांतीच्या पानावर सगळ्यात वर रामापिथेकस, खाली बाण, ऑस्ट्रेलोपिथेकस, परत बाण, होमो हॅबिलिस, होमो इरेक्टस, असं करत करत शेवटी आपण. शेजारी लाल पेनने लिहिलेलं, "भारतात सापडलेला मानवाचा आद्य पूर्वज, महत्त्वाचे". आमच्या वेळी पण हेच पाठ केलं होतं आणि भारी वाटायचं की बघा, माणसाचं मूळ आपल्या हिमालयाच्या पायथ्याशी.

ही गोष्ट मोडीत निघून चाळीसएक वर्षं झाली, तरी नोट्समध्ये ती जशीच्या तशी आहे ह्याचा मला मनापासून त्रास होतो, म्हणून हा धागा. कारण खरं काय घडलं ते त्या बाणांपेक्षा कितीतरी रंगतदार आहे आणि ते पोरांना कुणी सांगतच नाही.

१९३२ साली येल विद्यापीठाचा एक तरुण विद्यार्थी, जी. एडवर्ड लुईस, शिवालिकच्या टेकड्यांमध्ये जीवाश्म शोधत फिरत होता. हिमाचलच्या बिलासपूर जिल्ह्यात हरितल्यांगर म्हणून गाव आहे, तिथे त्याला वरच्या जबड्याचा उजवीकडचा एक तुकडा मिळाला, त्यात फक्त चार दात. १९३४ मध्ये त्याने त्याला नाव दिलं रामापिथेकस ब्रेव्हिरोस्ट्रिस. म्हणणं असं की सुळा लहान असावा, तोंड पुढे आलेलं नसावं, दातांची कमान माणसासारखी असावी, म्हणजे हा प्राणी माणसाच्या बाजूचा. तेव्हाच्या बड्या लोकांनी मानलं नाही, हर्डलिचका नावाच्या मानववंशशास्त्रज्ञाने तर सरळ खोडून काढलं. मग जवळजवळ तीस वर्षं शांतता. १९६१ मध्ये एल्विन सायमन्स ह्यांनी तो तुकडा नव्याने अभ्यासला, पुढे डेव्हिड पिलबीम त्यांच्या जोडीला आले, आणि दोघांनी मिळून रामापिथेकसला थेट माणसाच्या वंशावळीत बसवलं. तेव्हाच्या हिशोबाने म्हणजे १ कोटी ४० लाख वर्षांपूर्वीपर्यंत मागे. साठच्या दशकात जगभरच्या पुस्तकांत हेच छापलं गेलं आणि आपल्याकडे ते राहिलं ते राहिलंच.

मला जाणकारांना विचारायचंय, चार दातांवरून एवढं मोठं विधान कसं काय केलं असेल? आणि मग ते पडलं कसं?

---

कृष्णाकाठ

मी दाताचा डॉक्टर आहे, सांगलीला प्रॅक्टिस करतो, त्यामुळे ह्यातला दाताचा भाग सांगू शकतो.

ताई, आधी हे लक्षात घ्या की जीवाश्मांत दात सगळ्यात जास्त टिकतात, कारण दातावरचं एनॅमल शरीरातली सगळ्यात कठीण गोष्ट. बाकी हाड कुजतं, तरस-कोल्हे खातात, पाण्यात झिजतं, दात मात्र राहतो. म्हणून ह्या विषयात निम्मी भांडणं दातांवरूनच होतात.

आता आरशासमोर उभं राहून तोंड उघडून बघा. आपल्या वरच्या दातांची रांग मागे जाताना दोन्हीकडे फाकत जाते. चिंपांझी-गोरिलाची तशी नसते, दोन्हीकडच्या दाढांच्या रांगा जवळजवळ समांतर, समोर मोठे सुळे, आणि वरच्या सुळ्याच्या पुढे फट, खालचा सुळा त्यात बसतो. लुईसच्या तुकड्यात काय होतं, तर दोन उपदाढा, दोन दाढा, आणि पुढे सुळ्याच्या जागेची खूण. फक्त उजवी बाजू. टाळूची मधली रेषा त्यात धड शिल्लकच नव्हती! म्हणजे डावी बाजू आरशातल्यासारखी उलटी काढून जोडायची, पण आरसा नेमका कुठे आणि किती तिरका धरायचा हे तुम्ही ठरवणार. अर्ध्या पुसलेल्या रांगोळीचा मध्यबिंदूच माहीत नसेल तर उरलेली अर्धी तुम्ही मनाला येईल तशी काढू शकता, तसंच. थोडा तिरका धरला की कमान माणसासारखी फाकते, थोडा सरळ धरला की एपसारखी, म्हणजे चिंपांझी-गोरिलाच्या गटासारखी समांतर होते. रामापिथेकसची ती प्रसिद्ध माणसासारखी कमान बऱ्याच अंशी ह्या जोडण्यातून आली होती.

दुसरा मुद्दा जाड एनॅमलचा. ते खरंच जाड होतं, माणसाचं पण जाड असतं, चिंपांझीचं पातळ. म्हणून लोकांना वाटलं हा आपला. पण कडक बिया, कठीण कवचाची फळं खाणाऱ्या प्राण्यांत जाड एनॅमल वेगवेगळ्या वंशांत स्वतंत्रपणे येऊ शकतं. नुसत्या एनॅमलवरून नातं लावायला गेलात की फसता.

आणि लहान सुळा. एप मंडळींत नराचे सुळे दणकट आणि मादीचे लहान असतात, सोपं आहे ते. पुढे जे लक्षात आलं ते हेच की रामापिथेकस म्हणजे बहुधा सिव्हापिथेकस ह्या शिवालिकमधल्याच आधी सापडलेल्या एपची लहान चणीची मादी!

---

पाटील_काका

वाचतोय. पण पोरांनो एक सांगा, आज म्हणतात हा पूर्वज, उद्या म्हणतात नाही, परवा तिसराच. सामान्य माणसाने कशावर विश्वास ठेवायचा? माझ्या नातवाला मी काय सांगू?

---

अनघा_चार्ल्सनदी

काका, नमस्कार. मी बॉस्टनला प्रथिनांवर काम करते, हा माझा आवडीचा विषय आहे म्हणून जरा लांबलचक लिहितेय. आणि तुमच्या प्रश्नाचं उत्तर ह्या गोष्टीतच आहे असं मला वाटतं.

रामापिथेकसला पहिला खरा धक्का हाडांनी नाही, रक्ताने दिला. १९६७ साली बर्कलीमध्ये व्हिन्सेंट सारिच आणि अॅलन विल्सन ह्यांनी एक साधा विचार केला. आपल्या रक्तात अल्ब्युमिन नावाचं प्रथिन असतं. माणसाचं अल्ब्युमिन सशाला टोचलं की सशाचं शरीर त्याच्याविरुद्ध प्रतिपिंडं तयार करतं. आता तीच प्रतिपिंडं चिंपांझीच्या अल्ब्युमिनवर टाका, ओरांगउटानच्या टाका, माकडाच्या टाका आणि प्रत्येकाला ती किती जोरात ओळखतात ते मोजा. जेवढं नातं जवळचं तेवढी ओळख पक्की. माकडं आणि एप साधारण ३ कोटी वर्षांपूर्वी वेगळे झाले असं धरून त्यांनी हिशोब लावला, तर माणूस आणि चिंपांझी वेगळे झाल्याचा काळ निघाला फक्त ५० लाख वर्षं!

म्हणजे १ कोटी ४० लाख वर्षांपूर्वी माणसाची वेगळी शाखा असणं शक्यच नाही. जीवाश्मवाले भयंकर चिडले. सारिच पण काही गप्प बसणाऱ्यातला नव्हता, १९७१ मध्ये त्याने लिहिलं की ८० लाख वर्षांपेक्षा जुना जीवाश्म दिसायला कसाही असो, त्याला माणसाच्या वंशात धरायची सोय आता उरलेली नाही. हाडं हातात न घेता हाडांबद्दल बोलतो म्हणून लोकांनी त्याला खूप झोडपलं. आज डीएनए वाचून आपण जे आकडे काढतो ते साधारण ६० ते ७० लाखांच्या आसपास फिरतात, म्हणजे त्या सशांच्या प्रयोगाचा अंदाज किती जवळ होता बघा.

पण मला जास्त मोठं काय वाटतं माहितीये का, तर पिलबीमचं वागणं. ज्या माणसाने आपलं नाव रामापिथेकसवर कमावलं तोच पाकिस्तानात पोटवार पठारावर परत परत जाऊन खोदत राहिला आणि तिथून त्याच्याच टीमने असं काही आणलं की त्याचं स्वतःचं म्हणणं कोसळलं. आणि त्याने ते स्वतः जाहीर लिहिलं. काका, विश्वास ठेवायला ह्याहून चांगलं कारण मी तरी बघितलं नाहीये. मत बदलतं ते कुणाच्या लहरीने नाही, नवीन हाड समोर आल्यावर बदलतं आणि का बदललं ते कुणालाही तपासता येतं.

---

कातळवाट

अनघाताईंनी पोटवारचं नाव काढलंच आहे तर पुढचं मी सांगतो, मी भूशास्त्रवाला.

आधी शिवालिक म्हणजे काय ते बघा. हिमालय उंच होत होता तेव्हा त्याच्यावरून वाहणाऱ्या नद्या गाळ आणून पायथ्याशी टाकत होत्या, लाखो वर्षं, थरावर थर, काही ठिकाणी हजारो मीटर जाड. प्राणी मेला, पुरात वाहून आला, गाळात लगेच गाडला गेला, हाड टिकलं. म्हणून १८३० च्या दशकात फॉकनर आणि कॉटली ह्यांनी तिथे खोदायला सुरुवात केली तेव्हापासून हत्ती, जिराफाचे भाऊबंद, पाणघोडे, प्रचंड कासवं, काय काय निघालंय तिथून. सिव्हापिथेकस हे नाव पण १९१० चं, भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या गाय पिलग्रिमने दिलेलं. म्हणून पुढे दोन्ही एकच ठरल्यावर आधीचं नाव राहिलं आणि रामापिथेकस हे नाव बाद झालं. नियमच तसा आहे, जुनं नाव राहतं. ताई, तुमच्या "गेला कुठे" चं उत्तर एवढंच, तो सिव्हापिथेकसमध्ये विलीन झाला.

पोटवारला १९७० च्या दशकात जास्त पूर्ण जबडे मिळाले आणि त्यांची कमान माणसासारखी नव्हतीच. मग १९८० मध्ये तो चेहरा मिळाला, जीएसपी १५००० ह्या नोंदीखाली ठेवलेला, त्यावरचा लेख १९८२ ला आला. मी त्याचा साचा बघितलाय. समोरून बघितलं की अंगावर काटा येतो, कारण डोळ्यांच्या खोबण्या उभट आणि अरुंद, दोन्ही एकमेकींच्या अगदी जवळ, आणि बाजूने बघितलं तर चेहरा मध्ये आत वळलेला. हा माणूस नाही, चिंपांझी नाही, गोरिला नाही. हा ओरांगउटान! आज जो फक्त सुमात्रा आणि बोर्निओच्या जंगलात उरलाय त्याच्या घराण्यातला.

अर्थात इथेही सगळं सरळ नाही. १९९० मध्ये ह्याच सिव्हापिथेकसची दंडाची हाडं प्रसिद्ध झाली, ती ओरांगउटानसारखी लोंबकळत फिरणाऱ्या प्राण्याची दिसत नाहीत. म्हणजे चेहरा एक सांगतो, हात दुसरंच. त्यावर अजून चर्चा चालू आहे. पण माणसाचा पूर्वज हा मुद्दा मात्र संपला.

एक गोष्ट आवर्जून सांगतो. हे प्राणी शिवालिकमधून गायब झाले साधारण ८५ लाख वर्षांपूर्वी. त्याच सुमाराला जंगलं मागे हटून गवताळ प्रदेश वाढत गेले हे त्या काळच्या मातीतल्या कार्बनवरून कळतं. फळं खाणाऱ्या मोठ्या एपला गवतात काय मिळणार?

---

मोरपंखी_शाई

सगळ्यांचे मनापासून आभार, किती छान लिहिलंय. कृष्णाकाठ, तुमचं आरशाचं वाचून मी खरंच आरशासमोर जाऊन आले.

मला आता वाटतं की नोट्समधला तो पहिला बाण नुसता खोडून भागणार नाही. बाणांची ती सगळी रांगच गेली पाहिजे, कारण एकातून दुसरा, दुसऱ्यातून तिसरा असं घडलेलंच नाही ना? ल्युसी म्हणून ऑस्ट्रेलोपिथेकसचा प्रसिद्ध सांगाडा आहे ना, तिच्या जातीचे लोक ३२ लाख वर्षांपूर्वी इथिओपियात हिंडत होते, तेव्हा आफ्रिकेत दुसऱ्याही जाती होत्या. निअँडरथल तर आपल्या बरोबरीने होते आणि आफ्रिकेबाहेरच्या बहुतेक सगळ्या माणसांत त्यांचा साधारण २ टक्के डीएनए आहे, म्हणजे हे वाचणाऱ्या आपल्यात पण.

पण मग भारताचं काय? रामापिथेकस गेल्यावर आपल्याकडे काहीच नाही का?

---

विंध्यवासी

आहे ना! हातनोरा.

मी इंदूरचा, चार पिढ्या इथेच, मराठी घरात टिकवून आहोत. हातनोरा हे सिहोर जिल्ह्यात नर्मदेच्या उत्तर काठावरचं खेडं, होशंगाबादहून, म्हणजे आता नर्मदापुरम म्हणतात, तिथून फार लांब नाही. ५ डिसेंबर १९८२ ला भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे अरुण सोनकिया ह्यांना तिथे काठावरच्या गोट्यांच्या थरात एक कवटी मिळाली. उजवी बाजू बरीचशी शाबूत, जबडा नाही, दात नाहीत. पूर्ण भारतीय उपखंडात इतक्या जुन्या मानवाची मिळालेली ही एकमेव कवटी. एकमेव! आणि आपल्याकडे शंभरातल्या नव्वद लोकांनी तिचं नाव ऐकलेलं नसतं.

तो थर मी जवळून बघितलाय. नदीने घासून गुळगुळीत केलेले गोटे, त्यांच्यामध्ये वाळू, आणि सगळं चुन्याने इतकं घट्ट धरलेलं की नखाने काही सुटत नाही. पूर ओसरला की कड्याचा नवा भाग उघडा पडतो, काही भाग कोसळून नदीत जातो. ह्याच थरांत स्टेगोडॉन म्हणून जुन्या हत्तीसारख्या प्राण्याची हाडं आणि दगडी हातकुऱ्हाडी मिळाल्यात.

सोनकियांनी सुरुवातीला तिला होमो इरेक्टसची उपजात ठरवलं, नर्मदेन्सिस असं नाव पण दिलं. नंतर केनेथ केनेडी आणि सोनकिया ह्यांनी इतरांबरोबर परत बारकाईने मापं घेतली आणि १९९१ मध्ये लिहिलं की हा इरेक्टस नाही, जुन्या घडणीचा होमो सेपियन्स, म्हणजे आपल्याच जातीचा, म्हणावा लागेल. मेंदूचं आकारमान ११५५ ते १४२१ घनसेंमी असा अंदाज आला, म्हणजे वरचा आकडा आपल्या आजच्या सरासरीच्याही पुढे जातो. बघा, इथेही शोधणारा माणूस स्वतःच नव्या निष्कर्षाच्या लेखात सामील होता, पिलबीमसारखाच.

वय मात्र नक्की सांगता येत नाही. नदीचे गोटे म्हणजे वेगवेगळ्या काळातली हाडं वाहून एकत्र आलेली असू शकतात. दोन-अडीच लाखाच्या आसपासचे आकडे दिले जातात, त्यावर वाद आहेत.

---

कृष्णाकाठ

विंध्यवासी, दात नाहीत हे वाचून फार हळहळलो. चीनमधली हार्बिनची कवटी आठवली. निदान १ लाख ४६ हजार वर्षं जुनी, तिला ड्रॅगन मॅन म्हणत होते, नक्की कोण ते कळत नव्हतं. २०२५ मध्ये तिच्या दातावर साठलेल्या कीटणातून डीएनए काढला आणि हाडातून प्रथिनं काढली, तर निघाला डेनिसोव्हन! जे कीटण आम्ही रोज खरवडून टाकतो त्यात एवढा इतिहास.

डेनिसोव्हन म्हणजे सायबेरियातल्या गुहेत मिळालेल्या बोटाच्या इवल्याशा हाडावरून २०१० मध्ये डीएनएने ओळखलेली माणसांची शाखा. मग हातनोऱ्याचा माणूस कोण? तोही त्यांच्यातला असेल का? अनघाताई, प्रथिनं काढता येतील का आपल्या कवटीतून?

---

अनघा_चार्ल्सनदी

डीएनएची आशा मला फार कमी वाटते, उष्ण हवेत तो लवकर तुटतो, नर्मदेच्या खोऱ्यात तर उन्हाळा काय असतो ते विंध्यवासींना विचारा. प्रथिनं जास्त टिकतात, ती शक्यता आहे, पण त्यासाठी हाडाचा थोडा भाग खर्ची घालावा लागतो. आणि जगात एकच तुकडा असेल तर त्यातून कण काढायची परवानगी द्यायला कुणाचाही हात थरथरेल, मी त्यांना दोष देणार नाही. म्हणूनच दुसरा तुकडा मिळणं इतकं गरजेचं आहे. कोण होता ते आज सांगता येत नाही.

---

पाटील_काका

अनघाबेटा, पिलबीमचं पटलं. नातवाला तेच सांगेन.

आता माझा अजून एक प्रश्न. मी जुन्नर भागातला. आमच्याकडे नदीकाठी जुनी दगडी हत्यारं मिळाल्याचं लहानपणापासून ऐकतो. मग माणसं होती तर हाडं का नाही मिळत महाराष्ट्रात?

---

कातळवाट

काका, तुम्ही नेमक्या जागेवर बोट ठेवलंत.

हत्यारं भरपूर आहेत. १८६३ मध्ये रॉबर्ट ब्रूस फूट ह्यांना मद्रासजवळ पल्लावरमला पहिली हातकुऱ्हाड मिळाली तेव्हापासून देशभर मिळतायत. चेन्नईजवळच्या अत्तिरमपक्कमला शांती पप्पू ह्यांच्या टीमने २०११ मध्ये जे वय काढलं ते साधारण १५ लाख वर्षं! आपल्याकडे नेवासा, प्रवरेचा काठ, डेक्कन कॉलेजच्या सांकलियांनी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी आयुष्यं घातली ह्यात. आणि तुमच्याच तालुक्यात कुकडी नदीवर बोरी. तिथे नदीच्या गाळात ज्वालामुखीच्या राखेचा थर आहे आणि त्याच्याच आसपास हत्यारं. त्या राखेचं वय कुणी १४ लाख काढलं, कुणी ६ लाख ७० हजार, आणि कुणी म्हणतं ही इंडोनेशियातल्या टोबा ज्वालामुखीची ७५ हजार वर्षांपूर्वीची राख. एकाच थराची इतकी वेगवेगळी वयं, हा वाद फार महत्त्वाचा आहे.

हाडं न मिळण्याचं मुख्य कारण जमीन. हाड टिकायला ते पटकन गाडलं जावं लागतं आणि माती आम्लधर्मी नसावी लागते. कोकणात जांभा दगड आणि धो धो पाऊस, हाड विरघळून जातं. देशावर काळा पाषाण, पण तो लाव्हा साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, माणसाच्या कितीतरी आधीचा, त्यात माणूस असणारच नाही. उरतात नद्यांचे गाळ आणि ते आपल्याकडे पातळ. पूर्व आफ्रिकेत जमीन खचत गेली, खोलगट भागात तळी झाली, गाळ साठत गेला, वर ज्वालामुखीची राख पडत राहिली. हाड राखेच्या दोन थरांमध्ये सापडलं की वय मोजायची सोय तयार. आपल्या नशिबी ते नाही.

पण दुसरं कारण जमिनीचं नाही आणि ते मला जास्त बोचतं. आफ्रिकेत एकेका जागी पिढ्यानपिढ्या टीम ठाण मांडून बसल्या. केनियाचे कामोया किमेऊ नुसत्या नजरेने मातीतून हाड ओळखायचे, १९८४ मध्ये तुर्काना तलावाजवळ १५ लाख वर्षं जुन्या मुलाचा सांगाडा मिळाला त्याची सुरुवात त्यांच्या नजरेला पडलेल्या कवटीच्या लहानशा तुकड्याने झाली. आपल्याकडे नर्मदेवर काम होतं, मग थांबतं, मग परत कुणीतरी येतं. हातनोऱ्याहूनच नंतर अनेक राम सांख्यान नावाच्या मानववंशशास्त्रज्ञांनी गळपट्टीच्या हाडांसारखे एक-दोन तुकडे मिळवले, म्हणजे अजून काही नाहीच असं कुणी म्हणू नये.

---

विंध्यवासी

अगदी. आणि वाळू उपशाचं पण लिहा. नर्मदेत ज्या प्रमाणात वाळू काढतात त्यात काठाचे थर किती गेले असतील त्याचा हिशोब नाही. ट्रकमध्ये काय गेलं ते कुणी बघितलंय?

---

मोरपंखी_शाई

भाच्याला धागा वाचायला दिला. तो म्हणाला, मावशी परीक्षेत ह्यावर प्रश्न आला तर काय लिहू? मी सांगितलं, रामापिथेकस हे सिव्हापिथेकसचंच नाव, ओरांगउटानच्या शाखेजवळचा, माणसाचा पूर्वज नाही. भारतातला जुना मानव विचारला तर हातनोरा, १९८२, सोनकिया. उत्तरतालिकेत जुनंच उत्तर असेल तर आक्षेप नोंदवायची सोय असते, ती वापर.

---

पाटील_काका

कातळवाट, बोरीला जाऊन बघावं म्हणतो, नातवाला घेऊन. काही मिळालं तर घेऊन येऊ का?

---

कातळवाट

काका, जरूर जा, पण काही उचलू नका. दगड किंवा हाड थरातून काढलं की ते कुठल्या थरात होतं हे कळायचा मार्ग बंद होतो आणि मग त्याचं वय कुणालाच सांगता येत नाही. जागेवरच ठेवून फोटो काढा, शेजारी मापाला पेन किंवा नाणं ठेवा, एक फोटो लांबून काढा ज्यात काठ आणि थर दिसेल, मोबाईलवर लोकेशन नोंदवा आणि पुण्याला डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्व विभागाला कळवा. पावसाळा संपून पाणी उतरलं की जा, तेव्हा कडे ताजे उघडे पडलेले असतात. नातवाला कड्याच्या अगदी खाली उभं करू नका, तो गाळ ढासळतो.